चूल, मूल आणि चित्र : लिली मार्टिन स्पेन्सर

एकोणिसाव्या शतकातील अमेरिकन चित्रकलेचा इतिहास चाळू लागले म्हणजे डोळ्यांपुढे प्रथम येतात ती भव्य निसर्गचित्रे. हडसन नदीचे खोरे, नायगाराचा धबधबा, रॉकी पर्वताची हिमशिखरे, आणि त्या अफाट देखाव्याच्या एका कोपऱ्यात मुंगीएवढा माणूस. ही चित्रे काढणाऱ्यांत बाहेरून आलेली मंडळीही पुष्कळ होती. टॉमस कोल इंग्लंडातून आला, बीरश्टाट लहानपणीच जर्मनीतून आला. नव्या देशाच्या डोंगरदऱ्या त्या देशाच्या लोकांना परक्या मुलखातून आलेल्यांनी दाखवाव्यात, ही गंमत नव्हे काय? पण आज आम्ही ज्या चित्रकर्त्रीविषयी बोलणार आहोत तिच्या चित्रांत डोंगर नाही आणि धबधबाही नाही. तिच्या चित्रांत कांदे आहेत, मळलेली कणीक आहे, साबणाच्या फेसात बुडालेले हात आहेत आणि झोपलेली मुले आहेत. तीही बाहेरूनच आलेली होती. तिचे नाव लिली मार्टिन स्पेन्सर.

तिच्या चित्रांचे गुणदोष हा आमचा आजचा मुख्य विषय नाही, जरी त्याकडे आपण वळणार आहोतच. तिचे चरित्र आम्हाला महत्त्वाचे वाटते ते निराळ्याच कारणासाठी. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी चित्रकला शिकलेल्या स्त्रिया युरोप-अमेरिकेत दुर्मिळ नव्हत्या. चार सुरेख फुले रंगविता येणे हे वरच्या थरातील मुलीचे एक भूषणच मानले जाई, जसे पियानो वाजविणे. परंतु कुंचल्यावर घर चालविणे, घरभाडे देणे, वाण्याची उधारी फेडणे आणि तेही मूलबाळ सांभाळून, ही गोष्ट अगदी वेगळी. ती लिलीने जवळजवळ साठ वर्षे केली. कलेच्या चर्चेत पैशाची गोष्ट काढणे आपल्याकडे थोडे हलके समजतात. पण या बाईच्या आयुष्यातून पैसा वगळला तर तिचे चरित्रही उरत नाही आणि तिची चित्रेही नीट समजत नाहीत.

लिलीचा जन्म २६ नोव्हेंबर १८२२ रोजी इंग्लंडातील एक्झेटर या गावी झाला. आईबाप मात्र फ्रेंच. वडील तेथे फ्रेंच भाषा शिकवीत. मुलीचे पाळण्यातले नाव आंजेलिक मारी. लिली हे घरातले नाव, तेच पुढे कायम झाले. हे जोडपे साधेसुधे शिक्षकी पेशाचे नव्हते. दोघेही शार्ल फूरिये या फ्रेंच विचारवंताच्या कल्पनांनी भारलेले होते. फूरियेचे म्हणणे थोडक्यात असे, की माणसांनी सुटीसुटी घरे करून राहणे हेच सर्व दुःखाचे मूळ आहे. सुमारे सोळाशे माणसांनी एकत्र वसाहत करावी, प्रत्येकाने आपल्या आवडीचे काम करावे, स्वयंपाक एका सामायिक पाकशाळेत व्हावा, म्हणजे घरोघरच्या चुलीपुढे बायकांचा जन्म जळणार नाही. समाज किती पुढे गेला हे त्यातील स्त्रियांना किती मोकळीक आहे यावरून ओळखावे, असेही तो मानी. या कल्पनांना जुन्या युरोपात जागा मिळण्याची आशा कमी. तेव्हा अशा मंडळींचे डोळे अमेरिकेकडे लागत. तेथे जमीन स्वस्त, परंपरेचे ओझे हलके. १८३० साली मार्टिन कुटुंब अशीच एखादी वसाहत उभारण्याचे स्वप्न घेऊन न्यूयॉर्कला उतरले. लिली तेव्हा आठव्या वर्षात होती.

न्यूयॉर्कमध्ये स्वप्नापेक्षा पोटाचा प्रश्न आधी उभा राहिला. त्यातच १८३२ मध्ये त्या शहरात पटकीची साथ आली आणि सुमारे साडेतीन हजार माणसे दगावली. पुढच्या वर्षी मार्टिन कुटुंबाने शहर सोडले आणि थेट ओहायो राज्यातील मॅरिएटा हे गाव गाठले. मस्किंगम आणि ओहायो या नद्यांच्या संगमावरचे हे गाव १७८८ साली वसले. वसविणाऱ्यांनी स्वातंत्र्ययुद्धातील फ्रान्सच्या मदतीची आठवण ठेवून फ्रान्सच्या राणीवरून, मारी आंत्वानेत हिच्यावरून, त्याचे नाव ठेवले होते. राजेशाहीला कंटाळलेल्या फ्रेंच कुटुंबाला आश्रय मिळावा तो राणीच्या नावाच्या गावात!

मॅरिएटात मुलींना शाळेत न घालता आईबापांनी घरीच शिकविले. वाचनाला बंधन नव्हते. आणि येथेच ती प्रसिद्ध गोष्ट घडली. पंधरा-सोळा वर्षांच्या या मुलीने कोळसा घेऊन घरातल्या गिलावा केलेल्या भिंतींवर घरच्या माणसांची पुरुषभर उंचीची चित्रे काढली. दुसऱ्या कोणत्याही घरात भिंती खराब केल्याबद्दल पाठीत धपाटा बसला असता. या घरात आईबापांनी शेजाऱ्यांना बोलावून भिंती दाखविल्या. गावात बोभाटा झाला, लोक पाहायला येऊ लागले. साला बॉस्वर्थ आणि चार्ल्स सलिव्हन या तेथील दोन चित्रकारांनी तिला तैलरंग कसे हाताळावे याचे प्राथमिक धडे दिले. ऑगस्ट १८४१ मध्ये गावातील चर्चच्या पाळकाच्या निवासात तिच्या चित्रांचे पहिले प्रदर्शन भरले. तिला एकोणिसावे वर्ष लागले होते.

ही वार्ता सिनसिनाटी शहरात निकोलस लाँगवर्थ याच्या कानावर गेली. हा त्या भागातला मोठा धनिक. जमिनीच्या व्यवहारांवर गबर झालेला, द्राक्षमळे आणि मद्याचा धंदाही करणारा, पण कलावंतांना हात देणारा. शिल्पकार हायरम पॉवर्स यालाही त्याने मदत केली होती. या मुलीने बॉस्टनसारख्या ठिकाणी जाऊन जाणत्या चित्रकारांच्या हाताखाली रीतसर शिकावे, खर्चाचे आपण पाहू, असे त्याने सुचविले. लिलीने हे नाकारले. ती वडिलांबरोबर सिनसिनाटीला गेली आणि तेथेच जमेल तसे शिकत, व्यक्तिचित्रे काढीत राहिली. तिने तेव्हा का नाकारले याविषयी पुष्कळ तर्क करता येतील. स्वाभिमान होता, वडिलांचा आधार सोडवत नव्हता, कोणाचे मिंधे होणे नको होते. आमच्या मते मात्र हा तिच्या आयुष्यातला सर्वात महाग पडलेला निर्णय होय. शरीररचनेचा पक्का अभ्यास ज्या वयात व्हावा त्या वयात तो झाला नाही, आणि पुढे न्यूयॉर्कच्या बाजारात उभे राहिल्यावर ती उणीव तिची तिलाच जाणवली.

सिनसिनाटीत २४ ऑगस्ट १८४४ रोजी तिने बेंजामिन रश स्पेन्सर याच्याशी लग्न केले. हाही इंग्लंडातून आलेला, धंदा शिंप्याचा. लग्नानंतरचा रिवाज काय होता ते सांगायला नको. कलेची हौस असलेली मुलगी बोहल्यावर चढली की रंगपेटी माळ्यावर चढे. या घरात उलट झाले. नवऱ्याचा धंदा नीट चालेना, बायकोची चित्रे विकली जात होती. तेव्हा थोड्याच काळात असे ठरून गेले, की बायकोने चित्रे काढावीत आणि नवऱ्याने घराकडे पाहावे आणि तिच्या कामात लागेल ती मदत करावी. हे काही कोणत्या तत्त्वाच्या घोषणेने झाले नाही. दोघांच्या हिशेबात जे बसले ते त्यांनी केले आणि १८९० मध्ये बेंजामिन वारला तोवर ते तसेच चालू राहिले. आज आपल्याला अशा घराचे कौतुक वाटेल. त्या काळी शेजाऱ्यापाजाऱ्यांनी काय कुजबुज केली असेल याची कल्पना करायला फार बुद्धी लागत नाही.

या दांपत्याला तेरा मुले झाली. त्यांतली सात जगली. हे आकडे आपण वाचतो आणि पुढे जातो. पण जरा थांबून विचार करावा. तेरा बाळंतपणे, म्हणजे ऐन उमेदीची वीस-पंचवीस वर्षे बाई एक तर गरोदर किंवा अंगावर पाजणारी. सहा मुलांचा मृत्यू. आणि या सर्व काळात चित्र पुरे करण्याच्या मुदती, गिऱ्हाइकांची पत्रे, प्रदर्शनाच्या तारखा. तिच्या चित्रांतली मुले इतकी खरी का वाटतात याचे उत्तर वेगळे शोधण्याची गरज नाही. नमुना म्हणून बसविण्यास तिला बाहेरचे कोणी आणावेच लागले नाही. स्वतः ती, नवरा, मुले आणि घरातली मोलकरीण, एवढ्या माणसांवर तिचा सारा संसार आणि सारी कला चालली.

१८४८ साली स्पेन्सर कुटुंबाने न्यूयॉर्कला मुक्काम हलविला. त्याच वर्षी जुलै महिन्यात न्यूयॉर्क राज्यातील सेनेका फॉल्स येथे स्त्रियांच्या हक्कांची ती सुप्रसिद्ध परिषद भरली होती. त्याच वर्षी त्या राज्याने विवाहित स्त्रीच्या मालमत्तेविषयीचा कायदाही केला. पण त्यात एक खोच होती. स्त्रीला माहेराहून किंवा वारशाने मिळालेली मालमत्ता तिची ठरली. तिने स्वतः कष्टाने मिळविलेली कमाई मात्र जुन्या नियमाप्रमाणे नवऱ्याचीच. ती दुरुस्ती व्हायला १८६० साल उजाडावे लागले. म्हणजे ज्या दशकात लिली आपल्या कुंचल्यावर सगळे घर पोशीत होती, त्या दशकात कायद्याच्या दृष्टीने तो पैसा तिचा नव्हताच. तिचा नवरा भला होता म्हणून हा कायदा तिला बोचला नाही, इतकेच. नवऱ्याच्या भलेपणावर अवलंबून असलेला हक्क हा हक्क नव्हे, हे तिच्या आईला पुरते कळत होते. आई आंजेलिक मार्टिन स्त्रियांच्या चळवळीत तनमनाने शिरलेली. मुलीनेही त्यात यावे असे तिला वाटे, आणि तशी ती पत्रांतून लिहीत असे. लिलीने आईला जे उत्तर पाठविले त्याचा आशय असा : ते तुझे कार्यक्षेत्र, चित्रकला हे माझे, माझे काम माझा सगळा वेळ मागते, आणि दोन ठिकाणी लक्ष घालून मला ते साधणार नाही.

या उत्तरावर दोन्ही बाजूंनी बोलता येईल. कोणी म्हणेल, ज्या आईबापांनी समुद्र ओलांडला तो नवा समाज घडविण्यासाठी, त्यांच्या मुलीने समाज वाऱ्यावर सोडून चित्रे विकावी हे काय? आणखी गंमत अशी, की आईबापांना घरोघरची चूल विझवून सामायिक पाकशाळा काढायची होती, आणि मुलगी नावारूपाला आली ती त्याच चुलीची चित्रे काढून. पण आम्हाला विचाराल तर मुलगी आईचेच म्हणणे जगत होती. सभेत ठराव होण्यापूर्वीच तिच्या घरात तो अमलात आलेला होता. भाषण करायला मात्र तिला सवड नव्हती. पुढे तिने सेनेका फॉल्सच्या परिषदेतील अग्रणी एलिझाबेथ केडी स्टॅन्टन हिचे व्यक्तिचित्र काढले, हेही येथे सांगून ठेवले पाहिजे.

न्यूयॉर्कमध्ये आल्याबरोबर तिला कळून चुकले की ओहायोतील नावलौकिक येथे पुरेसा नाही. नॅशनल अकॅडमी ऑफ डिझाइन या संस्थेच्या रात्रीच्या वर्गात तिने नाव घातले. पदरी मुले असलेली ही बाई दिवसा चित्रे रंगवी आणि रात्री विद्यार्थिनी होऊन पुराण्या ग्रीक पुतळ्यांच्या प्लास्टरच्या प्रतींवरून रेखाटन करी. प्लास्टरवरूनच, कारण जिवंत नग्न देहावरून अभ्यास करण्याची मुभा त्या काळी स्त्रियांना नव्हती. हा निर्बंध किती चिवट होता हे पाहायचे असेल तर १८८६ ची एक घटना आठवावी. फिलाडेल्फियाच्या कलाशाळेत टॉमस ईकिन्स या मोठ्या चित्रकाराने विद्यार्थिनींच्या वर्गात पुरुष नमुन्याच्या कमरेचे वस्त्र दूर केले, आणि त्याला नोकरी सोडावी लागली. मग देवदेवता आणि रणसंग्राम यांची भव्य चित्रे, ज्यांना तेव्हा श्रेष्ठ कला समजत, ती स्त्रीने काढावीत तरी कशी? लिलीच्या मनात तशी चित्रे काढण्याची हौस फार होती. प्रारंभी तिने शेक्सपिअरच्या नाटकांतले प्रसंग आणि रूपकात्मक विषय घेतलेही. पण विकली जात ती दुसरीच चित्रे : आई, मूल, स्वयंपाकघर.

यामागे त्या काळच्या बाजाराची एक नवी व्यवस्था होती. तिला आर्ट-युनियन म्हणत. वर्षाला पाच डॉलर वर्गणी भरावी. प्रत्येक सभासदाला एक छापील चित्र घरपोच मिळे, आणि जमलेल्या पैशातून संस्था मूळ चित्रे विकत घेऊन वर्षाखेरीस सोडत काढून वाटी. पाच डॉलरमध्ये अस्सल तैलचित्र लागण्याची आशा, मग काय विचारता! न्यूयॉर्कच्या अमेरिकन आर्ट-युनियनचे १८४९ मध्ये जवळजवळ एकोणीस हजार सभासद झाले होते. सिनसिनाटीतही वेस्टर्न आर्ट-युनियन होती, आणि तिने लिलीची चित्रे घेतली. चित्राचा गिऱ्हाईक आता सरदार किंवा धर्मगुरू राहिला नव्हता. तो होता गावोगावचा दुकानदार, वकील, शिक्षक. त्याच्या दिवाणखान्यात सुळी चढलेले संत शोभत नसत. त्याला हवे होते स्वतःचेच घर, पण थोडे अधिक नेटके, थोडे अधिक हसरे. १८४९ चे ‘घरगुती सुख’ हे लिलीचे चित्र याच मागणीला दिलेले उत्तर आहे. दोन मुले एकमेकांना बिलगून झोपली आहेत, आईबाप वाकून पाहत आहेत, आणि नवऱ्याचा आवाज होऊन मुले जागी होतील या भीतीने बायकोने हात उचलून त्याला थोपविले आहे. या उचललेल्या हातात सारे चित्र आहे. हे चित्र आज डिट्रॉइटच्या संग्रहालयात आहे.

पुढे १८५२ मध्ये न्यायालयाने ही सोडत म्हणजे बेकायदा लॉटरी ठरविली आणि अमेरिकन आर्ट-युनियन बंद पडली. लिलीचा एक आधार गेला. दुसरा आधार शिळाछापाच्या व्यापाऱ्यांचा. विल्यम शाउस हा व्यापारी तिची चित्रे घेई, पॅरिसमध्ये त्यांचे शिळाछाप काढवी, आणि हाताने रंगविलेल्या त्या प्रती अमेरिकेत व युरोपात खपत. तिच्या चित्रांच्या प्रती ज्या घरांत टांगल्या होत्या त्यांची मोजदाद करणे अशक्य आहे. पण त्या प्रतींवर तिला काय मिळाले? मूळ चित्राची एकदा ठरलेली किंमत, बस्स. छापील प्रतीला अमेरिकन कायद्याने १८०२ पासून संरक्षण दिले होते. रंगविलेल्या चित्राला मात्र स्वामित्वहक्काचे संरक्षण १८७० च्या कायद्याने प्रथम मिळाले. तोपर्यंत चित्र हातचे गेले की त्याच्या हजार प्रती निघोत की लाख, चित्रकाराला त्याचे सोयरसुतक उरत नसे. देशभर नाव झाले आणि घरी भाड्याची चिंता कायम, हा चमत्कार अशा रीतीने घडला.

आता तिच्या उत्तम चित्रांकडे वळू. आमच्या मते ती १८५० ते १८५८ या काळातली. ‘कांदे सोलताना’ या चित्रात एक धडधाकट बाई हातातला सुरी-कांदा तसाच धरून मनगटाच्या मागच्या बाजूने डोळे पुसते आहे. कांद्याने डोळ्यांत पाणी आलेल्या माणसाने हात कसा वळवावा हे जिने स्वतः कांदे सोलले आहेत तिलाच ठाऊक. ‘हसरी धोबीण’ मध्ये कपडे धुणारी मोलकरीण फेसातून हात न काढता पाहणाऱ्याकडे बघून दात काढून हसते. १८५४ च्या ‘हात मिळविता का?’ या चित्रात पिठाने माखलेला हात पुढे करून स्वयंपाकघरातली बाई पाहुण्याची थट्टा करते. १८५६ मधल्या चित्राचे नाव तर ‘मुका घ्याल तर काकवीचाही घ्यावा लागेल’ असेच आहे. तरुणीच्या हातात काकवीने भरलेला डाव, आणि चेहऱ्यावर असा भाव की या, पुढे या, म्हणजे कळेल. सगळ्यांत विशेष असे, की या बायका कोणाच्या दयेसाठी उभ्या नाहीत. डच चित्रकारांनीही स्वयंपाकघरे रंगविली, पण त्यांची दासी बहुधा आपल्याच कामात गढलेली असते. लिलीची बाई मान वर करून आपल्यालाच विचारते : काय पाहता?

याच काळात तिने एक धाडस केले. ‘तरुण नवरा : पहिला बाजार’ हे चित्र १८५४ चे. पाऊस पडतो आहे. छत्री सांभाळावी की टोपली अशा पेचात सापडलेला एक सुटाबुटातला तरुण भर रस्त्यात उभा. टोपलीतला जिन्नस निसटतो आहे, कोंबडी खाली लोंबते आहे, आणि जाणारा-येणारा त्याच्या फजितीला हसतो आहे. याच्या जोडीला ‘तरुण बायको : पहिला रस्सा’ असेही चित्र होते. तरुण नवऱ्याचे चित्र १८५६ मध्ये अकॅडमीच्या प्रदर्शनात लागले तेव्हा टीकाकारांनी नाके मुरडली. हिच्या चित्रांत जो तो दात विचकीत असतो, असा आक्षेप आला. आक्षेपात तथ्य नव्हते असे नाही. तिच्या पुष्कळ चित्रांतले हसू गिऱ्हाइकासाठी चिकटविलेले वाटते, आणि चेहऱ्याच्या मानाने हातापायांची ठेवण कधी कधी फसते. परंतु याच टीकाकारांना कांदे सोलणाऱ्या बाईचे हसू चालत होते, भाजी आणणाऱ्या पुरुषाचे हसे मात्र चालत नव्हते, हेही लक्षात घ्यावे. तिला बिचारीला कल्पनेने काही रचण्याची गरजच नव्हती. बाजारात जाणारा नवरा तिच्या घरात होता. तो तिने रंगविला, आणि विकत घेणारे, जे बहुतेक सारे नवरेच, त्यांना तो आवडला नाही. हे चित्र आज न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आहे.

येथे जाता जाता दुसऱ्या एका बाईचा उल्लेख केला पाहिजे. फॅनी पामर ही लेस्टरची, जन्म १८१२ चा. १८४४ मध्ये नवऱ्यासह न्यूयॉर्कला आली. हिनेही घर पोसले, पण वेगळ्या वाटेने. करियर आणि आयव्हज या प्रसिद्ध छापखान्यासाठी ती शिळांवर चित्रे काढी. पश्चिमेकडे निघालेल्या वसाहतवाल्यांच्या गाड्या, मिसिसिपीवरच्या आगबोटींची शर्यत, मैदान चिरीत जाणारी आगगाडी. पश्चिमेकडचा तो मुलूख तिने कधी पाहिला नव्हता. ब्रुकलिनमध्ये बसून तिने काढलेले ते चित्र अमेरिकेच्या घराघरांतून ‘आपला पश्चिम’ म्हणून लागले. एकीने घराबाहेर न पडता देश रंगविला, दुसरीने घरच रंगविले. दोघींच्याही घरी पैसा मिळविणारी बाईच.

१८५८ मध्ये स्पेन्सर कुटुंब न्यूयॉर्कची महागाई सोडून न्यू जर्सीतील नुअर्क गावी गेले. घर होते मार्कस वॉर्ड या गृहस्थाचे, जो पुढे त्या राज्याचा गव्हर्नर झाला. घराच्या मोबदल्यात लिलीने त्याच्या मुलांचे मोठे चित्र काढून द्यावे असा सौदा झाला. थोडक्यात, चित्र द्या आणि राहा. बागेत भाजी, आवारात कोंबड्या, आणि वर चित्रशाळा असा हा संसार. येथेच १८६६ मध्ये तिने ‘घरातला युद्धज्वर : व्हिक्सबर्गच्या विजयाचा उत्सव’ हे चित्र पुरे केले. यादवी युद्धात ४ जुलै १८६३ रोजी व्हिक्सबर्गचा पाडाव झाला. तो प्रसंग रणांगणावर रंगविणारे पुष्कळ होते. लिलीने काय रंगविले? जेवणघर. आई वर्तमानपत्र उघडून विजयाची बातमी वाचते आहे. मोठी मुले कागदी टोपी घालून, भांडे बडवीत कवायत करीत चालली आहेत. मोलकरीण मागे भांडी पुसते आहे. आणि वाचनाच्या नादात आईच्या मांडीवरचे तान्हे मूल खाली घसरू लागले आहे. घरात कर्ता पुरुष दिसत नाही. तो रणावर आहे की नाही, परत येणार की नाही, हे चित्र सांगत नाही. आई काय वाचते आहे, विजयाचा मथळा की मृतांची यादी? मुलांच्या गोंगाटात तिच्या चेहऱ्यावर उत्सव मात्र नाही. युद्धावरची जी अमेरिकन चित्रे आमच्या पाहण्यात आली त्यांत याच्या इतके थोडक्यात बोलणारे दुसरे चित्र आम्हाला आठवत नाही.

युद्धानंतर वारे फिरले. धनिक अमेरिकन युरोपात जाऊन पॅरिसची, म्यूनिकची चित्रे विकत आणू लागले. देशी घरगुती चित्रे त्यांना गावठी वाटू लागली. व्यक्तिचित्रांचा धंदा छायाचित्रांनी खाल्ला. लिलीने १८६९ मध्ये आपल्या ताकदीची दोन चित्रे केली. एक ‘आपण दोघेही कोमेजणार’ : निळ्या रेशमी पोशाखातली तरुणी आरशापुढे उभी, हातातल्या गुलाबाच्या पाकळ्या गळत आहेत. हे आज वॉशिंग्टनला स्मिथसोनियन संस्थेच्या संग्रहात आहे. दुसरे ‘सत्य असत्याचा मुखवटा दूर करते’. आयुष्यभर जी भव्य रूपकात्मक कला तिला करायची होती ती अखेर तिने या प्रचंड पटावर केली. १८७६ मध्ये फिलाडेल्फियाला स्वातंत्र्याच्या शताब्दीचे प्रदर्शन भरले, त्यात स्त्रियांनी स्वतः वर्गणी गोळा करून एक स्वतंत्र मंडप उभारला होता. तेथले वाफेचे इंजिनसुद्धा एक बाईच चालवीत असे. त्या मंडपात हे चित्र लागले आणि वाखाणले गेले. लिलीला हे आपले सर्वश्रेष्ठ चित्र वाटे. ते विकण्यास ती तयार नव्हती. आज मूळ चित्राचा पत्ता नाही. छायाचित्रावरून त्याची कल्पना करावी लागते.

त्यानंतर दहाच वर्षांनी त्याच फिलाडेल्फियात आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या आणि तो समारंभ पाहायला पंडिता रमाबाई तेथे गेल्या. अमेरिकेतील स्त्रियांनी काय मिळविले आणि काय मिळवायचे राहिले आहे याचे जे वर्णन रमाबाईंनी आपल्या १८८९ च्या मराठी प्रवासवृत्तात केले आहे, ते ज्यांनी वाचले असेल त्यांना लिलीचा काळ परका वाटणार नाही. सभा, ठराव आणि संस्था यांचा तो इतिहास आहे. लिलीसारख्या बाया त्या इतिहासाच्या जमाखर्चात सहसा येत नाहीत.

१८७९ मध्ये नुअर्क सोडून हे कुटुंब हडसनकाठच्या हायलँड या खेड्यात गेले. शेतीवाडी, थोडी व्यक्तिचित्रे, मिळेल ते काम. नवरा गेल्यानंतरही ती रंगवीतच राहिली आणि शेवटची वर्षे पुन्हा न्यूयॉर्कला आली. तोवर तिला लोक विसरले होते. पुढे सत्तर वर्षे कलेच्या इतिहासात तिचा उल्लेख असला तर तळटिपेत. १९७३ मध्ये वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय ललितकला संग्रहालयाने तिच्या चित्रांचे मोठे प्रदर्शन भरविले. तिची घरी लिहिलेली पत्रे अभ्यासकांनी वाचली, आणि त्यांतून घरभाडे, आजारपणे, मुलांचे कपडे, रंगांचे बिल आणि अकॅडमीचे प्रदर्शन अशी एकात एक गुंतलेली ही हकीकत बाहेर आली.

२२ मे १९०२ रोजी, वयाच्या ऐंशीव्या वर्षी, न्यूयॉर्क येथे ती वारली. त्या दिवशी सकाळी ती नेहमीप्रमाणे चित्राला बसली होती.